अर्जुनाला लॉगआउट हवं होतं



आजचं चिंतन : भगवद्गीता, अध्याय 2, श्लोक 5

भावार्थ : गुरुजनांना मारून राज्य भोगण्यापेक्षा भिक्षा मागून जगलेलं बरं, असं अर्जुन श्रीकृष्णाला म्हणतो.

ऐकायला किती सात्त्विक वाटतं ना? पण अर्जुनाला वैराग्य आलेलं नव्हतं. तो युद्धाच्या पूर्ण तयारीने आला होता. समोर भीष्म-द्रोण दिसले, अंग कापलं, गांडीव हातातून निसटलं, आणि मनाने क्षणात दुसरं एक आयुष्य रचलं, ज्यात हा प्रश्नच नाही.

ॲनिमे बघणाऱ्यांना हे ओळखीचं वाटेल. 'इसेकाई' म्हणजे जपानीत 'वेगळं जग'. 'मुशोकू तेन्सेई'चा नायक 34 वर्षांचा, बेकार, घराबाहेर न पडणारा. मरतो आणि जादूच्या जगात पुन्हा जन्म घेतो. 'स्वोर्ड आर्ट ऑनलाइन'मध्ये 10,000 खेळाडू गेममध्ये अडकतात, कारण लॉगआउटचं बटणच गायब असतं. आपल्याला मात्र उलटं हवं असतं : या जगातून लॉगआउट. अप्रेझल, ईएमआय, घरचे प्रश्न, एकटेपणा, सगळ्यातून.

म्हणून ॲनिमे वाईट का? मला तसं वाटत नाही. समुद्र ओलांडणाऱ्या मारुतीच्या गोष्टी ऐकतच आपण वाढलो. आणि 'मुशोकू तेन्सेई'चा नायक नव्या जगात काय ठरवतो? की या वेळी मनापासून जगायचं. म्हणजे जे इथे टाळलं, तेच तिथे करावं लागतं. गोष्ट आपल्याला परत पाठवत असते; परत यायचं की नाही, हे आपल्यावर असतं.

पण गोष्टीभोवतीची यंत्रणा वेगळी आहे. मी सॉफ्टवेअरमध्ये आहे, त्यामुळे ही बाजू चटकन दिसते. 'गेनशिन इम्पॅक्ट'मध्ये 'रेझिन' दर 8 मिनिटांनी 1 ने वाढतं आणि मर्यादा गाठली की वाढायचं थांबतं. मग 'वाया जाईल' म्हणून आपण पुन्हा ॲप उघडतो. दुर्मिळ पात्र एका सोडतीत मिळण्याची मूळ शक्यता फक्त 0.6 टक्के, तरी 'अजून एकदा' म्हणत बोट पुढे जातंच. स्ट्रीमिंगवर पुढचा एपिसोड आपण हो म्हणायच्या आत सुरू होतो. विचाराला जागा उरू नये, अशीच ही रचना आहे.

आता श्रीकृष्ण काय करतात बघा. ते अर्जुनाला दुसऱ्या जगात नेत नाहीत. रथ दोन्ही सैन्यांच्या मध्येच उभा राहतो. तिथेच त्याचं रडणं ऐकतात, प्रश्न घेतात, विश्वरूपसुद्धा तिथेच दाखवतात. त्या अद्भुत दर्शनानंतरही अर्जुनाला परत कुरुक्षेत्रावरच यायचं असतं! आणि 18व्या अध्यायात (श्लोक 63) सांगतात : यावर पूर्ण विचार कर, मग तुला हवं ते कर. कुठलं ॲप आपल्याला असं म्हणतं? भगवंत विचाराला वेळ देतात, ॲप तोच काढून घेतं. मला तरी खऱ्या आधाराची हीच खूण वाटते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-11 या वर्गीकरणात, जे 2022 पासून लागू आहे, गेमिंगच्या विकाराची नोंद आहे. तिथेही कसोटी नुसत्या तासांची नाही : ताबा सुटलाय का, बाकी सगळं मागे पडलंय का, नुकसान दिसूनही थांबता येत नाही का? तिन्हींचं उत्तर 'हो' असेल आणि महिनोन् महिने तसंच चाललं असेल, तर नामस्मरणासोबत डॉक्टरांशीही बोला. त्यात लाज कसली?

आजचा अभ्यास :

1. ऑटोप्ले बंद करा. पुढचा एपिसोड बघायचा तर स्वतः बटण दाबून बघा.
2. गेम उघडण्याआधी एकदा नाम घ्या आणि स्वतःला विचारा : मी खेळायला चाललोय, की कशापासून तरी पळायला?
3. उत्तर 'पळायला' आलं, तर ते 'कशापासून तरी' एका ओळीत लिहून काढा. तेच आपलं कुरुक्षेत्र. आज त्यातलं 10 मिनिटांचं एकच काम करा.

प्रार्थना : हे पार्थसारथी, माझं रणांगण बदलू नकोस. फक्त माझ्या रथावर बस.

रामकृष्णहरी!