गोचीड : दावणीचा छुपा शत्रू
(द्वितीय वर्ष, कला)

गोचीड म्हणजे काय, हे खेड्यातल्या मुलाला शिकवावे लागत नाही. गुरे राखताना कानामागचे, मानेच्या पोळीवरचे, कासेजवळचे गोचीड उपटून दगडाने ठेचण्याचा उद्योग आपल्यापैकी अनेकांनी केला असेल. कीर्तनातही त्याचा दाखला नेहमी ऐकायला मिळतो. थानाला चिकटूनही तो दूध पीत नाही, रक्तच पितो! परंतु हा जीव रक्त पिण्याबरोबर आणखी काय करतो, हे मला फार उशिरा कळले. ते कळण्यासाठी आमच्या घराला मोठी किंमत मोजावी लागली.

आमचे गाव भूम तालुक्यात. या भागात खव्याच्या भट्ट्या पुष्कळ. घरचे दूध भट्टीवर घालायचे आणि त्या पैशावर संसार चालवायचा, ही अनेक कुटुंबांची रीत आहे. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. माझी फी, पुस्तके, एस. टी. चा पास हे सारे एका संकरित गाईच्या दुधावर चालले होते. गेल्या उन्हाळ्याच्या अखेरीस ती दुसऱ्या वेताला व्याली आणि थोड्याच दिवसांत तिने वैरण सोडली. अंग तापले. ऊन लागले असेल, असे वडील म्हणाले. आईने मीठमोहऱ्यांनी दृष्ट काढली. असे चार दिवस गेले. पाचव्या दिवशी गुरांचे डॉक्टर आले. त्यांनी खांद्यापुढची सुजलेली गाठ दाबून पाहिली, डोळ्यांची पांढरी पडलेली कड पाहिली, कानाच्या शिरेतले रक्त काचपट्टीवर घेतले आणि 'थायलेरिया' हे नाव सांगितले. औषध दिले, पण वेळ निघून गेली होती. गाय गेली. त्या रात्री आईने मला विचारले, "तुज्या पुस्तकात ह्ये न्हवतं का रं?"

मी कला शाखेचा विद्यार्थी. माझ्या पुस्तकात ते नव्हते. म्हणून ते शोधले. जे मिळाले ते वाचकांपुढे ठेवतो.

गोचीड हा किडा नव्हे. तो विंचू आणि कोळी यांच्या कुळातला आहे. अंड्यातून निघालेल्या पिल्लाला सहा पाय असतात. रक्त पिऊन व कात टाकून ते मोठे झाले की आठ पाय होतात. रक्ताने टम्म फुगलेली मादी खाली गळून पडते, हजारो अंडी घालते आणि मरते. गोचिडाच्या तोंडाला उलटे काटे असतात. त्यामुळे तो दिवसेंदिवस चिकटून राहतो. त्याची लाळ रक्त गोठू देत नाही. याच लाळेतून रोगाचे सूक्ष्म जंतू जनावरात शिरतात.

आपल्याकडे गुरांना होणारे असे दोन रोग मुख्य. पहिला थायलेरिया. तो पसरवणारा हायलोमा जातीचा गोचीड भिंतींच्या आणि गव्हाणीच्या फटींत दडून राहतो. लहानपणी एका जनावरातून घेतलेले जंतू तो कात टाकल्यावर दुसऱ्या जनावराला देतो. दुसरा रोग बबेसिया. यात ताप येतो आणि लघवी तांबडी होते, म्हणून त्याला रक्तलघवी असेही म्हणतात. हा पसरवणारा गोचीड पिल्लापासून मोठा होईपर्यंत एकाच जनावरावर राहतो. मग रोग दुसरीकडे जातो कसा? तर आईच्या पोटातून अंड्यांत, आणि अंड्यांतून पिल्लांत! हे कोडे अमेरिकेत थिओबाल्ड स्मिथ व किलबोर्न यांनी उलगडले आणि १८९३ साली प्रसिद्ध केले. पुढे चार वर्षांनी, १८९७ मध्ये, निजामाच्या राज्यातील सिकंदराबादच्या छावणीत रोनाल्ड रॉस यांना डासात हिवतापाचे जंतू सापडले. म्हणजे डासाच्या आधी गोचिडाची चोरी पकडली गेली होती.

आपल्या देवणी व लाल कंधारी गुरांना थायलेरियाचा त्रास त्या मानाने कमी होतो. संकरित गाय दूध जास्त देते, पण या रोगापुढे ती नाजूक ठरते. आम्ही जात बदलली. गोठा मात्र तोच जुना, दगडमातीचा, फटींचा ठेवला.

माणसालाही गोचिडापासून धोका आहे. १९५७ मध्ये कर्नाटकात शिमोगा जिल्ह्यातील क्यासनूरच्या जंगलात माकडे मरू लागली आणि माणसेही तापाने आजारी पडली. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्रातील शास्त्रज्ञांनी त्याचे मूळ शोधले. जंगली गोचिडामुळे होणारा हा 'माकडताप' २०१६ मध्ये सिंधुदुर्ग जिल्ह्यातही आढळला. २०११ मध्ये गुजरातेत क्रायमियन-काँगो तापाने रुग्ण दगावले. तो हायलोमा गोचिडाशी निगडित आहे. म्हणून गोचीड नखाने चिरडू नये. चिमट्याने कातडीलगत धरून सरळ ओढावा आणि हात साबणाने धुवावेत.

उपाय अवघड नाहीत. गोठ्याच्या फटी लिंपून बुजवाव्यात. डॉक्टरांनी सांगितलेल्या प्रमाणात औषध जनावराच्या अंगावर आणि गोठ्यात एकाच वेळी फवारावे, आणि ते पुन्हा करावे. कारण अंड्यांतून नवी पिल्ले निघतच असतात. विकत आणलेले जनावर काही दिवस वेगळे बांधावे. गोठ्यात कोंबड्या असाव्यात. त्या गोचीड टिपतात. संकरित गुरांसाठी थायलेरियाची लसही निघाली आहे. आणि ताप दिसताच त्याच दिवशी डॉक्टरांना बोलवावे, पाचव्या दिवशी नव्हे.

गाय गेल्यावर एका रात्री मी बॅटरी घेऊन गोठ्यात गेलो. भिंतीच्या फटीफटींत गोचीड बसले होते. दुसऱ्या दिवशी वडिलांनी आणि मी माती कालवून सारी भिंत लिंपली. मागे राहिलेली कालवड आज धडधाकट आहे. पोळ्याच्या आदल्या दिवशी आपण बैलांचे खांदे मळतो, त्यांना धुतो, सजवतो. यंदा त्याच दिवशी आम्ही कालवडीचे कान, पोळी आणि शेपटीचे मूळही तपासले.

आईच्या प्रश्नाचे हे उत्तर उशिरा दिलेले आहे. ज्यांच्या दावणीला आज गाय उभी आहे, त्यांना ते वेळेवर मिळावे, म्हणून हा लेखनप्रपंच.