होल्याच्या पिल्लाचे वय कसे ओळखावे?

जमिनीवर पडलेले होल्याचे पिल्लू नेमके किती दिवसांचे आहे, हा प्रश्न वरवर पाहता अगदी किरकोळ वाटेल. परंतु त्या पिल्लाच्या दृष्टीने तो जगण्यामरण्याचा प्रश्न असतो. चार दिवसांचे पिल्लू घरट्याबाहेर राहिले तर गारठून मरते. पंधरा दिवसांच्या पिल्लाची मात्र घरटे सोडण्याचीच वेळ झालेली असते. पहिल्याला उचलणे आवश्यक आहे. दुसऱ्याला उचलणे म्हणजे त्याला त्याच्या आईबापांपासून तोडणे आहे. आपण मात्र दोघांनाही सारख्याच दयेने उचलतो, खोक्यात ठेवतो आणि दुधात कुस्करलेली पोळी चारू लागतो. दया खरी असते, पण तिला दिवसांचा हिशेब ठाऊक नसतो. तो हिशेब कसा करावा, हे सांगण्याचा प्रस्तुत लेखात प्रयत्न केला आहे.

आपला नेहमीचा होला

आपल्याकडे होल्यांच्या अनेक जाती आढळतात. त्यांपैकी घरांच्या आसपास सर्वांत जास्त दिसणारा तो छोटा तपकिरी होला. आमच्या गावाकडे त्याला 'व्हला' म्हणतात. पारव्यापेक्षा लहान व सडपातळ, अंग तपकिरी-गुलाबी, पंखांच्या कडेला राखी-निळसर झाक आणि गळ्यावर तांबूस पट्ट्यात बारीक काळे ठिपके, अशी त्याची ओळख. घरटे म्हणजे चार काटक्यांची विस्कळीत मांडणी. बाभळीवर, निवडुंगात, खिडकीच्या कोनाड्यात, विजेच्या मीटरच्या पेटीवर, कोठेही ते असते. मादी दोन पांढरी अंडी घालते. नर व मादी पाळीपाळीने ती उबवतात आणि साधारण तेरा ते पंधरा दिवसांत पिल्ले बाहेर येतात.

कॉलेजच्या ग्रंथालयातील सलीम अली यांच्या, १९४१ साली प्रथम प्रसिद्ध झालेल्या भारतीय पक्ष्यांवरील पुस्तकावरून मला या पक्ष्याची ओळख पक्की करता आली. पिल्लांचे दिवस मोजायचे तर मात्र घरट्याखालीच उभे राहणे भाग होते. दिवाळीच्या सुट्टीत आमच्या ओसरीवरील मीटरच्या पेटीवर ती संधी मिळाली. पालक पक्षी घरट्यावर नसताना, काठीला बांधलेल्या आरशातून रोज एकदा पाहायचे आणि वहीत लिहायचे, एवढीच माझी पद्धत होती. सुट्टी संपल्यावर नववीत शिकणाऱ्या माझ्या धाकट्या बहिणीने ती वही पुढे चालवली. खालील वर्णन वाचनातून मिळालेली माहिती आणि ही वही यांच्या आधारे केले आहे.

एवढी घाईची वाढ कशी होते?

कोंबडीचे पिल्लू अंड्यातून बाहेर पडताच चालू लागते, दाणे टिपू लागते. होल्याचे पिल्लू जन्मतः आंधळे, जवळजवळ उघडे व पूर्ण परावलंबी असते. तरीही दोन आठवड्यांत ते उडण्याच्या बेतात येते. या वेगाचे रहस्य 'कपोतदुग्धा'त आहे. होला व पारवा यांच्या गळ्याखाली दाणे साठवण्याची पिशवी असते; तिला अन्नपुट म्हणतात. पिल्ले जन्मण्याच्या सुमारास अन्नपुटाच्या आतील अस्तराच्या पेशी सुटून दह्यासारखा घट्ट पदार्थ तयार होतो. हे दूध मादीप्रमाणे नरालाही येते. जॉन हंटर या स्कॉटिश शस्त्रवैद्याने १७८६ साली त्याचे वर्णन केले होते. पुढे १९३३ मध्ये ऑस्कर रिडल व त्यांच्या सहकाऱ्यांनी 'प्रोलॅक्टिन' या संप्रेरकाची ओळख पटवली, तीही पारव्याच्या अन्नपुटावरील परिणाम पाहूनच.

कपोतदुग्धात प्रथिने व स्निग्धांश भरपूर असतात. गाईम्हशीच्या दुधातील साखर त्यात नसते. पक्ष्यांना ती साखर पचवता येत नाही. म्हणून आपले दूध पिल्लाला चारणे म्हणजे त्याला आजारी पाडणे होय. दुसरी गोष्ट, होल्याचे पिल्लू चिमणीच्या पिल्लासारखे 'आ' वासून बसत नाही. ते आपली चोच आईबापांच्या चोचीत खुपसून अन्न ओढून घेते. त्याची चोच बळेच उघडून चमच्याने पाणी ओतले तर ते श्वासनलिकेत जाण्याचा धोका असतो.

वयाच्या चार पायऱ्या

१. जन्म ते तिसरा दिवस : डोळे पूर्ण मिटलेले. काळसर-गुलाबी कातडीवर पिवळट केसांसारखी विरळ लव. चोच अंगाच्या मानाने फार मोठी व टोकाशी फिकट ठिपका. अंड्याचे कवच याच टोकाने फोडलेले असते. मान सावरत नाही. या काळात नर किंवा मादी यांपैकी कोणीतरी सतत पिल्लांवर बसून असते, कारण पिल्लाला स्वतःच्या अंगाची ऊब टिकवता येत नाही. आहार केवळ कपोतदुग्धाचा.

२. चौथा ते सहावा दिवस : डोळे प्रथम बारीक फटीसारखे किलकिले होतात व एकदोन दिवसांत उघडतात. पंखांच्या कडेला कातडीखाली गडद ठिपक्यांची रांग दिसते आणि तेथूनच पिसांच्या बंद नळ्या वर येऊ लागतात. सहाव्या दिवशी माझ्या वहीत 'साळिंदरासारखे' असा शब्द आहे. दुधात आता मऊ झालेले दाणे मिसळू लागतात. अन्नपुट भरले की ते गळ्याखाली फुग्यासारखे दिसते.

३. सातवा ते दहावा दिवस : नळ्यांची टोके फुटून आतील पीस बाहेर पडते, प्रथम पंखांवर, मग पाठीवर. पोट व पंखांखालचा भाग अजून उघडाच असतो. पिसांच्या टोकांना जन्माच्या वेळची पिवळी लव धाग्यांसारखी लोंबत राहते. पिल्लू आता अंग फुगवून, चोच आपटून परक्याला भिववू पाहते. दिवसा पालक बराच वेळ घरट्याबाहेर असतात. घरट्याच्या काठावर विष्ठेचे कडे जमू लागते. तीही वयाची एक खूण आहे.

४. अकरावा ते पंधरावा दिवस : अंग पिसांनी झाकते. पिसांच्या कडा फिकट असल्याने पाठ खवल्यांसारखी दिसते. डोक्यावर चारदोन पिवळे धागे उरलेले असतात. शेपूट आखूड. पिल्लू काठावर उभे राहून पंख फडफडवते आणि एके दिवशी घरटे सोडते. आमच्या घरट्यातील थोरले चौदाव्या दिवशी व धाकटे पंधराव्या दिवशी बाहेर पडले.

दहाव्या दिवसानंतर घरट्याजवळ जाऊ नये, ही सूचना येथेच देणे योग्य होईल. घाबरलेले पिल्लू वेळेआधीच उडी मारते. आम्ही दहाव्या दिवशी आरसा बाजूला ठेवला व पुढचे सर्व अंगणातूनच पाहिले.

आकारावर विश्वास ठेवू नये

वय ठरवताना बहुतेक जण पिल्लाचा आकार पाहतात. तो फसवा असतो. दोन अंडी सुमारे एका दिवसाच्या अंतराने घातली जातात, त्यामुळे एकाच घरट्यात एक पिल्लू मोठे व एक लहान दिसते. अन्न कमी पडले की वजन लगेच घटते. पिसांचा क्रम मात्र इतक्या सहज बिघडत नाही. म्हणून आधी डोळे पाहावेत, मग पंखांवरील नळ्या, मग पोट आणि शेवटी शेपूट. एवढे करूनही उत्तरात एकदोन दिवसांची तफावत राहतेच.

जातीचा विचारही आवश्यक आहे. पारव्याचे पिल्लू सुमारे महिनाभर घरट्यात राहते. म्हणजे ज्या वयात होला घरटे सोडतो, त्या वयात पारव्याच्या पिल्लाला घरट्याची गरज असते. होल्याचे कोष्टक पारव्याला लावणे धोक्याचे आहे.

उडाल्यानंतरचे वय

घरटे सोडले की दिवस मोजणे अवघड होते, पण खुणा संपत नाहीत. लहान होल्याच्या गळ्यावर ठिपक्यांचा पट्टा नसतो. तो हळूहळू उमटतो. अमेरिकेत 'मोर्निंग डव्ह', म्हणजे शब्दशः 'शोक करणारा होला', नावाचा पक्षी आहे. हॅन्सन व कोसॅक या संशोधकांनी १९५७ मध्ये त्याची अंडी व घरट्यातील पिल्ले यांचे वय ठरवण्याच्या खुणा प्रसिद्ध केल्या. तेथे या पक्ष्याच्या शिकारीस परवानगी असल्याने, मारलेल्या पक्ष्यांचे पंख शिकाऱ्यांकडून टपालाने मागवून तपासतात. पंखाच्या टोकाकडील दहा मोठी पिसे आतून बाहेर अशा ठराविक क्रमाने गळतात व नवी येतात. कितवे पीस बदलले आहे यावरून कोवळ्या पक्ष्याचे वय महिन्यांत सांगता येते. त्या वर्षी किती नवे पक्षी जन्मले याचा अंदाज त्यावरून बांधतात व शिकारीची मर्यादा ठरवताना तो विचारात घेतात. एका पिसाच्या निरीक्षणातून संपूर्ण जातीच्या भवितव्याचा विचार होतो, ही गोष्ट मला विशेष वाटली.

वय कळल्यावर काय करावे?

पहिल्या दोन पायऱ्यांतील पिल्लू पडले असेल तर ओंजळीत धरून थोडी ऊब द्यावी व त्वरित घरट्यात ठेवावे. माणसाचा हात लागला की आईबाप पिल्लाला टाकतात, हा समज खरा नाही. तिसऱ्या पायरीतील पिल्लाचेही तेच. घरटे मोडले असल्यास उथळ टोपलीत काटक्या पसरून ती त्याच जागी बांधावी व दूर उभे राहून पालक येतात का ते पाहावे. चौथ्या पायरीतील पिल्लू धडधाकट असेल तर त्याला नेऊ नये. कुत्र्या-मांजरांपासून वा रस्त्यापासून धोका असल्यास जवळच्या झुडपावर ठेवावे, एवढेच. जखमी पिल्लू मात्र वनविभागाकडे किंवा पशुवैद्याकडे पोहोचवावे. रानपक्षी घरात पाळणे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने निषिद्ध आहे, हेही ध्यानात असावे.

या हिशेबाचा उपयोग बहिणीने मला कळवला. आमच्याकडील धाकटे पिल्लू घरटे सोडल्यावर गोठ्याजवळ बसले होते. शेजारच्या काकूंनी ते 'पोरकं' म्हणून टोपलीखाली झाकले व दूधपोळी कालवली. बहिणीने वही नेऊन दाखवली : डोळे उघडे, पोट झाकलेले, शेपूट आखूड, दिवस पंधरावा. "काकू, ते पोरकं नाही, मोठं झालंय," असे तिने सांगितले. काकूंनी टोपली उचलली आणि पिल्लू बोरीच्या कुंपणावर ठेवले. काही वेळाने पालकांपैकी एक पक्षी आला व त्याने तेथेच त्याला चारले. पुढे आठवडाभर ही पंगत कुंपणावर चालू होती. घरटे सोडल्यावरही पालक काही दिवस पिल्लांना भरवतात व दाणे टिपण्याची सवय लावतात. हे शिक्षण माणसाच्या खोक्यात मिळत नाही.

या अभ्यासाला प्रयोगशाळा लागत नाही. वही, पेन्सिल, काठीला बांधलेला आरसा आणि दूर उभे राहण्याची शिस्त एवढे पुरते. आपल्या कॉलेजच्या व्हरांड्यातही होले घरटी बांधतात. वाचकांपैकी कोणी एखाद्या घरट्याचे दिवस नीट नोंदवले, तर खाली पडलेल्या पुढच्या पिल्लाला उचलायचे की तेथेच राहू द्यायचे, हे सांगणारा एक तरी माणूस तेथे असेल.