उपनगरांतील संरक्षित वास्तू : कायदा आणि कर्तव्य

मुंबईचा प्राचीन वारसा म्हटला की घारापुरीची लेणी किंवा फोर्ट भागातील भव्य इमारती डोळ्यांपुढे येतात. परंतु मुंबई बेटावर शहर वसण्यापूर्वी कित्येक शतके आधीपासून साष्टी बेटावर, म्हणजे आजच्या उपनगरांत, कोरीव वास्तू उभ्या होत्या. हा भाग 1950 व 1957 मध्ये टप्प्याटप्प्याने बृहन्मुंबईत समाविष्ट झाला. शेते व टेकड्या जाऊन तेथे वसाहती आल्या आणि एके काळी रानात एकाकी असलेल्या वास्तू दाट वस्तीच्या मधोमध आल्या. त्यांचे रक्षण आणि तेथील रहिवाशांच्या निवाऱ्याची गरज यांची सांगड कशी घालावी, हा आज प्रशासनापुढील कठीण प्रश्न आहे.

तीन लेणी, तीन अवस्था

अंधेरी पूर्वेकडील कोंडिविटे येथील लेणी महाकाली लेणी या नावाने परिचित आहेत. बौद्ध भिक्षूंसाठी कोरलेल्या या समूहातील नवव्या क्रमांकाच्या लेण्यात स्तूपाभोवती गोलाकार भिंत असून तिला जाळीदार खिडक्या आहेत. बिहारमधील बराबर टेकडीवरील सुदामा लेण्याशी या रचनेचे साम्य आहे. पश्चिम भारतात हा प्रकार दुर्मिळ असल्याने चैत्यगृहांच्या विकासाचा अभ्यास करताना कोंडिविट्याला विशेष महत्त्व येते.

जोगेश्वरीचे शैव लेणे सामान्यतः इसवी सनाच्या सहाव्या शतकातील मानले जाते. पायऱ्या उतरून लांबलचक मंडपात प्रवेश करावा लागतो. लेणे भोवतालच्या जमिनीपेक्षा खोलात आहे, आणि हेच त्याच्या दुखण्याचे मूळ ठरले. कालांतराने त्याच्या सभोवती व वरच्या बाजूसही घरे उभी राहिली. पावसाचे पाणी व सांडपाणी खडकातील भेगांतून आत झिरपते. सतत ओल राहिल्याने दगडाचे पापुद्रे सुटतात आणि शिल्पांचे अवयव ओळखू येईनासे होतात.

बोरिवलीचे मंडपेश्वर म्हणजे साष्टीच्या इतिहासाचा जणू एक छेदच होय. खाली नटराजाचे शिल्प असलेले शैव लेणे, तर वर पोर्तुगीज काळातील धार्मिक वास्तूचे अवशेष आहेत. 1534 च्या तहाने वसई व साष्टीचा प्रदेश पोर्तुगिजांकडे गेल्यानंतर फ्रान्सिस्कन पाद्र्यांनी येथे मठ उभारला. लेण्यातील एका भिंतीवर कोरलेला क्रूस त्या काळाची साक्ष देतो. 1737 च्या मोहिमेत साष्टी मराठ्यांच्या हाती आली आणि 1774 मध्ये ती इंग्रजांनी घेतली. एवढी स्थित्यंतरे एकाच जागी दाखविणारी वास्तू विरळाच.

याउलट, कान्हेरीची शंभराहून अधिक लेणी राष्ट्रीय उद्यानाच्या वनक्षेत्रात असल्याने वस्तीच्या दाबापासून पुष्कळशी दूर राहिली. वास्तूभोवतीची मोकळी जागा हेच तिचे पहिले कवच असते, हे या तुलनेवरून स्पष्ट होते.

कायद्याची चौकट

राष्ट्रीय महत्त्वाच्या वास्तूंना 1958 च्या केंद्रीय अधिनियमाने संरक्षण मिळते व त्यांची देखभाल भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे असते. वरील चारही लेणीस्थाने या वर्गात येतात. राज्य संरक्षित स्मारकांसाठी महाराष्ट्राचा 1960 चा अधिनियम आहे. याखेरीज बृहन्मुंबईसाठी 1995 मध्ये वारसा नियमावली लागू झाली. तीत वारसा वास्तूंची महत्त्वानुसार श्रेणी ठरविण्यात आली असून श्रेणीप्रमाणे बदलांवरील निर्बंध कमी-अधिक असतात.

केंद्रीय अधिनियमात 2010 मध्ये झालेली सुधारणा स्थानिक अधिकाऱ्यांनी विशेष लक्षात ठेवावी अशी आहे. संरक्षित हद्दीपासून 100 मीटरपर्यंतचे क्षेत्र प्रतिबंधित असून तेथे नवीन बांधकामास मनाई आहे. त्यापुढील 200 मीटरचे क्षेत्र विनियमित असून तेथे पूर्वपरवानगी आवश्यक असते. हे अंतर मूर्तीपासून किंवा मंडपापासून मोजावयाचे नसून संरक्षित हद्दीच्या रेषेपासून मोजावयाचे असते. या मुद्द्यावर गफलत झाल्यास परवानगी देणारा अधिकारी व घर बांधणारा कुटुंबप्रमुख असे दोघेही अडचणीत येतात.

तथापि, कायदा सरसकट नकार देत नाही. प्रतिबंधित क्षेत्रात 16 जून 1992 पूर्वीपासून असलेल्या घराच्या मालकास दुरुस्तीसाठी सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो. ही तरतूद माहीत नसल्याने काही रहिवासी गळके छप्पर तसेच ठेवतात, तर काही जण विनापरवाना काम उरकतात. पहिल्यात माणसांचे हाल होतात, दुसऱ्यात स्मारकाची हानी. अर्जाची रीत सोप्या मराठीत लोकांपर्यंत पोहोचविणे हेही संरक्षणाचेच काम होय.

कोणी काय करावे

स्मारकालगतच्या गटारांची व पर्जन्यजलवाहिन्यांची नियमित तपासणी हे स्थानिक संस्थांचे सर्वांत निकडीचे कर्तव्य आहे. हजार वर्षे टिकलेला खडक तुंबलेल्या एका नाल्याने खचू शकतो. शहरांच्या सीमेवरील ग्रामपंचायतींनी आपल्या हद्दीतील संरक्षित स्थळांच्या सीमा गावनकाशावर ठळकपणे दाखवून घ्याव्यात. उपनगरांत जे घडून गेले ते टाळण्याची संधी त्यांना अद्याप आहे.

शिक्षकांनी सहलीपूर्वी वर्गात स्थळाचा आराखडा काढून घ्यावा आणि विद्यार्थ्यांकडून निरीक्षणांची वही भरून घ्यावी. भिंतीवर नाव कोरणे हा केवळ खोडसाळपणा नाही. स्मारकाची नासधूस केल्यास दोन वर्षांपर्यंत कारावास, एक लाख रुपयांपर्यंत दंड अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात, हेही मुलांना सांगितले पाहिजे.

लोकसहभागाने काय साधते याचे उदाहरण वांद्र्याच्या किल्ल्यात आहे. 1640 मध्ये पोर्तुगिजांनी बांधलेल्या या किल्ल्याची दुरवस्था झाली असता, 2003 मध्ये स्थानिक रहिवाशांच्या पुढाकाराने व खासदार निधीच्या साहाय्याने त्याच्या जतनाचे काम सुरू झाले.

राज्यघटनेच्या 49 व्या अनुच्छेदाने स्मारकांच्या रक्षणाची जबाबदारी शासनावर सोपविली आहे, तर 51-क अनुच्छेदाने आपल्या वारशाचे जतन हे प्रत्येक नागरिकाचे कर्तव्य मानले आहे. घर पुन्हा बांधता येते. कोरलेले लेणे एकदा झिजले की पुन्हा कोरता येत नाही. म्हणूनच घरांची गैरसोय दूर करीत लेणी राखणे, हाच दोहोंना न्याय देणारा मार्ग आहे.