हेन्री मॅकनील टर्नर आणि जॉर्जियाचे विधिमंडळ

हेन्री मॅकनील टर्नरचा जन्म १८३४ साली दक्षिण कॅरोलायना राज्यात एका स्वतंत्र कृष्णवर्णीय कुटुंबात झाला. तो गुलाम नव्हता. परंतु गुलामांना लिहावयास-वाचावयास शिकविणे जेथे कायद्याने गुन्हा होता, तेथे त्याचे स्वातंत्र्यही नावापुरतेच होते. ॲबेव्हिल येथे वकिलांच्या कचेरीत पडेल ते काम करीत असता त्याला विद्येची वाट सापडली. पुढे तो धर्मोपदेशक झाला आणि १८६३ साली, यादवी युद्धाच्या काळात, संघराज्याच्या सैन्यातील एका कृष्णवर्णीय पलटणीचा धर्मगुरू म्हणून त्याची नेमणूक झाली.

युद्ध संपल्यावर टर्नर जॉर्जिया राज्यात आला. नवी राज्यघटना तयार करणाऱ्या परिषदेचा तो सदस्य होता. १८६८ साली बिब परगण्यातून तो विधिमंडळाच्या कनिष्ठ सभागृहावर निवडून आला. मात्र त्या राज्यघटनेत एक उणीव राहून गेली होती. कृष्णवर्णीयांना तीत मताधिकार मिळाला होता. अधिकारपद धारण करण्याच्या हक्काविषयी स्पष्ट शब्द नव्हते. घटनेच्या या मौनाचा अर्थ गोऱ्या सदस्यांनी आपल्या सोयीने लावला. मत देता येते म्हणून सभागृहात बसता येते असे नव्हे, असा त्यांचा युक्तिवाद होता.

३ सप्टेंबर १८६८ रोजी टर्नर सभागृहात उभा राहिला. आपल्या जागेसाठी कोणापुढेही गयावया करण्यास त्याने नकार दिला. तो हक्क मागावयास आला होता, कृपा नव्हे. आपणही मनुष्य आहोत की नाही, हाच खरा प्रश्न आहे, असे त्याने सदस्यांना बजावले. त्या भाषणाने मते फिरली नाहीत. दोन्ही सभागृहांतील कृष्णवर्णीय सदस्यांना त्या महिन्यात बाहेर काढण्यात आले. वर्णाने उजळ असलेले मोजके सदस्य तेवढे राहिले.

न्याय मिळण्यास वर्षाहून अधिक काळ लागला. १८६९ साली जॉर्जियाच्या सर्वोच्च न्यायालयाने कृष्णवर्णीय नागरिक अधिकारपदास पात्र असल्याचा निर्णय दिला. त्याच वर्षाच्या अखेरीस अमेरिकी काँग्रेसने, म्हणजे संघराज्याच्या संसदेने, हस्तक्षेप केला आणि जानेवारी १८७० मध्ये हे सदस्य आपापल्या जागी परतले. परंतु हा विजय अल्पायुषी ठरला. त्याच वर्षीच्या अखेरच्या निवडणुकीत डेमोक्रॅटिक पक्षाने विधिमंडळ ताब्यात घेतले आणि टर्नरची तेथील कारकीर्द संपुष्टात आली.

१८८० साली तो आफ्रिकन मेथडिस्ट एपिस्कोपल चर्चचा बिशप झाला. अमेरिकेत आपल्या लोकांना न्याय मिळेल ही त्याची आशा मावळत गेली आणि आफ्रिकेत जाऊन वसण्याचा पुरस्कार तो करू लागला. १९१५ साली त्याचे निधन झाले. जॉर्जियाच्या विधिमंडळात त्या वेळी एकही कृष्णवर्णीय सदस्य नव्हता. पुढचा सदस्य निवडून येण्यास १९६२ साल उजाडावे लागले. घटनेतील एका न लिहिलेल्या वाक्याची किंमत एवढी मोठी होती.