माहं नाव टाक

यवतमाळ जिल्ह्यातल्या बाभुळगावच्या आसपासच्या खेड्यांत बायकांना सोबत घेऊन मी गोधड्या शिवते. गोधडीवर गोष्टी त्यांच्याच. बऱ्याच जणी शेतकरी आत्महत्येनंतर मागे राहिलेल्या.

१. मरणापासून सुरुवात करू नये. औषध कुठून आणलं, कर्ज किती होतं, हे तलाठ्यापासून पुढाऱ्यापर्यंत सगळ्यांनी विचारून झालेलं असतं. एक लाखाच्या सरकारी मदतीसाठी घर पात्र की अपात्र, या चौकशीत बाई म्हणजे मयताची वारस, एवढीच. मी विचारते, सरकी टोबायला कुणी शिकवलं? मग हात चालतात आणि तोंडही.

२. कापूस वेचणीच्या दिवसांत बोलावू नये. बोलावलंच, तर बुडालेला रोज द्यावा.

३. कापड त्यांनाच निवडू द्यावं. एकीनं लग्नातल्या हिरव्या शालूचा काठ आणला. सासू दारातून बघत होती. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, शासनानं इतर गावांनाही तसं करायला सांगितलं. ठराव चांगलाच. पण तो हिरवा काठ मधोमध लावायचा की कडेला, यावर बायका दुपारभर ज्या तावातावानं भांडल्या, तसं भांडण मी कुठल्या ग्रामसभेत ऐकलेलं नाही. काठ मधोमध लागला.

४. मंचाआधी तालीम हवी. श्याम पेठकरांनी लिहिलेल्या, हरीश इथापे यांनी बसवलेल्या ‘तेरवं’ नाटकात अशा बायका स्वतः उभ्या राहिल्या. शेजारच्या कळंब तालुक्यातल्या राजूरच्या वैशाली येडे त्यांपैकीच. जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२वं साहित्य संमेलन भरलं. उद्घाटक म्हणून ठरलेल्या लेखिका नयनतारा सहगल यांचं निमंत्रण मागे घेतलं गेलं होतं. उद्घाटन वैशालीताईंनी केलं. अडचणीतल्या आयोजकांची त्यात सोय झाली, असं मला आजही वाटतं. पण एवढ्या गर्दीपुढं बोलण्याचं बळ काही संमेलनानं दिलेलं नव्हतं. माझ्या मते ते तालमीतलं.

५. बाहेरची कला जरूर दाखवावी, भारावून जायची अट घालू नये. अमेरिकेतल्या फेथ रिंगगोल्ड या कृष्णवर्णीय चित्रकर्तीनं १९८० मध्ये पहिली गोधडी आपल्या आईसोबत केली. पुढं ती गोधड्यांवर काळ्या बायकांच्या गोष्टी लिहू लागली. मी मोबाइलवर फोटो दाखवले. एका आजीनं चष्मा सारखा केला, “इचे टाके पाह्य, केवढाले!” झालं परीक्षण.

६. न सांगितलेलं शिवू नये. गोधडीवर एक चौकोन कोरा आहे. बघणारे हमखास त्याचा अर्थ विचारतात. तो जिचा, तिला सांगायचं नव्हतं, एवढंच.

७. नाव आणि पैसा आधी ठरवावा. “बाई, त्याचं नाव नोको, माहं टाक,” असं एक जण म्हणाली. मग सगळ्यांनीच आपापली नावं शिवली, काहींनी माहेरच्या आडनावासकट. गोधडी विकली गेली तर पैसे कुणाच्या खात्यात जाणार, हे पहिल्या टाक्याआधी बोलून घ्यावं. खातं तिचंच हवं. दिराचं चालणार नाही, पासबुक तो कितीही जपून ठेवत असला तरी.