हजार चिंचोके

माझ्या आयुष्यात खेरडी दोनदा आली. पहिली चिपळूणजवळची, एमआयडीसीची. आयटीआय झाल्यावर पहिली नोकरी तिथे लागली. दुसरी सिल्वासाजवळची, दादरा-नगर हवेलीतली. इथे 22 वर्षं सुताच्या कारखान्यात शिफ्ट सांभाळतोय. "खेरडीतच आहे," असं फोनवर म्हटलं की मामू अजून विचारतात, "कुठल्या?"

दोन्ही ठिकाणी बरोबर राहिला तो दरूद. पैगंबर मुहम्मद सल्लल्लाहु अलैहि वसल्लम यांच्यावर अल्लाहची रहमत आणि सलामती व्हावी अशी ती दुआ. शब्द फारसी, अरबीत सलवात म्हणतात. मी मौलवी नाही. जे शिकलो ते बहुतेक चुका करून, म्हणून लिहितोय.

1. या दुआत आपल्यासाठी काही नाही.

चाळिशीपर्यंत मला दरूदचा अर्थ माहीत नव्हता. मकतबात छडीच्या धाकाने पाठ झालेला, नमाजमध्ये आपोआप तोंडातून निघायचा. पुढे एकदा अर्थ नीट बसून वाचला आणि चक्रावलो. कुरआनच्या सूरह अहजाबमधली 56वी आयत सांगते की अल्लाह आणि त्याचे फरिश्ते नबींवर सलवात पाठवतात, ईमानवाल्यांनो, तुम्हीही पाठवा. हुकूम आपल्याला. आणि आपण काय करतो? तोच अर्ज वर परत धाडतो: या अल्लाह, तूच पाठव. जाणकार सांगतात की त्यांच्या शानीला साजेसं काही देण्याची आपली ऐपत नाही, म्हणून देणाऱ्यालाच सांगायचं. नमाजमधल्या दरूद-ए-इब्राहीममध्ये हजरत इब्राहीम आणि त्यांच्या घरच्यांवर केलीस तशी रहमत मुहम्मदांवर आणि त्यांच्या घरच्यांवर कर, एवढंच मागणं आहे. माझी नोकरी, माझं कर्ज, माझ्या पोरीचं लग्न यातलं काहीच नाही. रोज पाच वेळा मी दुसऱ्यासाठी मागत होतो आणि मलाच पत्ता नव्हता.

2. शब्द गिळू नका.

घाईत "सल्लल्लाहु अलैहि वसल्लम"चं "सल्लासल्लम" होतं. लिहिताना तर नुसता "स." कंसात टाकून मोकळे. उलेमांना हा आखूडपणा पूर्वीपासून नापसंत आहे. संगणकवाल्यांनी मात्र हे अख्खं अरबी वाक्य युनिकोडच्या एका चिन्हात बसवलंय, ते एक बरं झालं. एका बैठकीत नाव वारंवार आलं तर निदान एकदा तरी पूर्ण म्हणावं. या लेखात मी सुरुवातीला पूर्ण लिहिलंय. पुढचं ज्याने त्याने मनात म्हणावं.

3. आपलं बरोबर म्हणून दुसऱ्याचं चूक होत नाही.

आम्ही कोकणी मुसलमान शाफई विचारधारेचे. इथे चाळीत आजमगढची, बिहारची पोरं, काही गुजराती, सगळे हनफी. 2011च्या जनगणनेत या प्रदेशात मुसलमान शंभरात चारही नव्हते; त्यामुळे वेगवेगळी मशीद, वेगवेगळा इमाम ही चैन परवडत नाही. एका रात्री इमाम गावाला गेलेले, इशाच्या नमाजला दाढी पिकलेला म्हणून मला पुढे केलं. दोन रकाती झाल्या, बसलो, अत्तहियात झाली आणि सवयीने छोटा दरूद सुरू केला. आमच्यात पहिल्या बैठकीतही तो सुन्नत. हनफींत चार रकातींच्या फर्ज नमाजमध्ये तिथे दरूद नाही, लगेच उठायचं. विसरून पढला तर शेवटी सजदा-ए-सहव, म्हणजे चुकीच्या भरपाईचा सजदा, करावा लागतो. मागून आवाज आला, "सुब्हानल्लाह!" म्हणजे इमामसाहेब, चुकताय. मी गडबडून उठलो.

नमाजनंतर वाद पेटला. मीही तावात म्हणालो की शेवटच्या बैठकीत दरूद सुटला तर आमची नमाजच होत नाही, तुमच्यात तिथे तो फक्त सुन्नत! जणू त्यामुळे माझं पारडं जड होणार होतं. कोपऱ्यातले म्हातारे दर्जीचाचा शेवटी म्हणाले, "अरे, दरूद ही तो पढा है बेचारे ने, गाली तो नहीं दी." सगळे हसले. तरी दोन पोरांनी भिंतीकडे जाऊन नमाज पुन्हा पढलीच. मी काही बोललो नाही. हल्ली पुढे करायला लागले की मी आधीच विचारतो, कोणाच्या पद्धतीने?

4. मोजायला लागलात की मोजणारा मोठा होतो.

हे सांगायला अजून जड जातं. थोरलीच्या इंजिनिअरिंगच्या प्रवेशासाठी मी एक लाख दरूद पढायचं ठरवलं. 40 दिवस, रोज 2500. बोटात घालायचा आकडेवाला काउंटर मुंबईहून मागवला. एकदा दरूद पढला तर अल्लाह दहा रहमती पाठवतो, ही हदीस सहीह मुस्लिममध्ये आहे. माझ्या डोक्यातल्या दुकानदाराने तिचा लगेच गुणाकार मांडला.

आमच्या मशीनवर 216 पोझिशन. क्रीलवर कच्च्या सुताचे बॉबिन, वर तापलेला हीटर, मग डिस्क, खाली सूत गुंडाळणारं टेकअप. आवाज असा की शेजारच्याशी कानात बोलावं लागतं. जीभ हलवायला याहून चांगली जागा नाही, कोणाला ऐकू जात नाही. रात्रीचे तीन वाजायला आलेले. पलीकडच्या टोकाला दिवा लागला, धागा तुटला होता. मला दिसला. पण काउंटरवर 2447 होते. म्हटलं, 53 राहिलेत, उरकून टाकू. तेवढ्यात रोलरवर सूत गुंडाळत गेलं आणि शेजारच्या पोझिशनही तुटायला लागल्या. नवा ऑपरेटर, इथल्याच पाड्यावरचा वारली पोरगा, एकटाच हूक घेऊन धावला. मनगट हीटरला लागलं. तो हीटर दोनशे अंशांच्या आसपास तापलेला असतो.

फोड आला, पट्टी बांधली, आठवड्यात बरा झाला. मला तो एका शब्दाने बोलला नाही, कारण मी काय करत होतो हे त्याला माहीतच नव्हतं. वेस्टेजच्या रजिस्टरमध्ये मी "तांत्रिक कारण" लिहिलं. ते खोटं होतं.

2447 हा आकडा आजही पाठ आहे. लाखाचं काय झालं ते आठवत नाही. मुलीला प्रवेश तिच्या मार्कांवर मिळाला, आणि काउंटर ड्रॉवरमध्ये पडून त्याचा सेल फुगला.

5. थोडा, पण रोजचा.

मोरोक्कोच्या इमाम जझूलींनी 15व्या शतकात दरूदांचा अख्खा ग्रंथ लिहिला, 'दलाइलुल खैरात'. लोक तो आठवड्याच्या दिवसांत वाटून वाचतात. वाटून घेण्यातलं शहाणपण शिफ्टवाल्याला लगेच पटतं. जुम्म्याला जास्त पढावा असं सांगितलंय. आणि आपला जुम्मा गुरुवारच्या मगरिबपासून सुरू होतो, तेव्हा नाइट शिफ्टवाल्याची तक्रार नको.

6. उभं राहायचं की बसायचं, यावर भांडू नका.

आमच्याकडे रबीउल अव्वलमध्ये, लग्नात, नव्या घरात मौलूद, म्हणजे पैगंबरांच्या जन्माचं पठण, व्हायचा. मदिनेच्या इमाम बर्जंजींचा अरबी मौलूद, 18व्या शतकातला. आमच्या बापजाद्यांना तो चालीसकट पाठ. इथे उत्तरेकडची मंडळी अहमद रजा खान बरेलवींनी लिहिलेला सलाम उभं राहून म्हणतात. काहींना यातलं काहीच मान्य नाही, ते फक्त नमाजमधला दरूद मानतात. मी यावर पुष्कळ रात्री घालवल्या, चहाचे पैसेही माझेच गेले. ज्याला सगळे मानतात तो दरूद भांडताना एकानेही पढला नाही, हे फार उशिरा लक्षात आलं.

7. दुसऱ्या माळवाल्याला नीट उत्तर द्या.

स्टोअरमधले एक दादा जव्हारकडचे, गळ्यात तुळशीची माळ. एकदा म्हणाले, "आमचे मणी 108, तुमचे 100. आठाची सूट कशी मिळाली?" मग गंभीर होऊन विचारलं, म्हणजे हे तुमचं नामस्मरणच ना? मी म्हटलं, अल्लाहचं नाव घेणं म्हणजे जिक्र, ते तुमच्या नामस्मरणाच्या जवळचं. दरूद वेगळा. इबादत अल्लाहचीच, आम्ही अल्लाहकडे पैगंबर साहेबांसाठी मागतो. ते म्हणाले, "म्हणजे तुम्ही त्यांच्यासाठी वशिला लावता?" "नाही हो दादा, कयामतला वशिला त्यांनी आमच्यासाठी लावायचाय." त्यांना पटलं की नाही कोण जाणे, पण वशिला या शब्दावर आमचं जमलं.

8. दरूदने पाणी ओसरत नाही, तरी पढा.

22 जुलै 2021. चिपळुणात वाशिष्ठीचं पाणी शिरलं. पहाटे बहिणीचा फोन आला, जिन्याच्या चौथ्या पायरीवर पाणी आहे. मग फोन बंद. मी इथे गोडाऊनमध्ये येरझारा घालत होतो. तिर्मिजीतली हदीस आठवत होती: हजरत उबई बिन काब पैगंबरांना विचारतात की माझ्या दुआतला किती भाग तुमच्यासाठी ठेवू? चौथाई, निम्मा, करत करत ते म्हणतात, सगळाच. उत्तर मिळतं की मग तुझ्या चिंतांची सोय होईल. मी दिवसभर पढलो. खरं सांगायचं तर चिंता तसूभरही कमी झाली नाही. शब्द मागेपुढे होत होते, मध्येच थांबून फोन लावत होतो. पण दुसरं काही हातात नव्हतं, आणि नुसतं फोनकडे बघत बसण्यापेक्षा ते बरं होतं.

रात्री उशिरा कळलं, माणसं सगळी वरच्या मजल्यावर आहेत. शेजारच्या काकूंनी बिस्किटं वाटली, बहिणीने माळ्यावरच्या चादरी. खाली तांदूळ, गाद्या, फ्रीज, काही उरलं नाही.

9. नानीचा हिशेब.

पंधरा दिवसांनी गेलो तेव्हा माळा आवरताना नानीची खादीची पिशवी सापडली. तिला पाणी लागलं नव्हतं. आत चिंचोके. गल्लीत कोणाचीही जियारत, म्हणजे मयतानंतरचं पठण, असली की ही पिशवी जायची. पांढऱ्या चादरीवर चिंचोके ओतायचे, प्रत्येकाने मूठभर आपल्यापुढे ओढायचे, एक दरूद झाला की एक चिंचोका पलीकडे. ढीग संपला की हजार झाले. नानी निरक्षर, पण "हजार आहेत," असं ठासून सांगायची, आणि तिला विचारायची कोणाची छाती नव्हती. बोटं लागून लागून चिंचोके गुळगुळीत, काळे झालेले.

मी ओटीवर बसून मोजले. दोनदा. 963 निघाले.

त्यात भर घातली नाही. पिशवी आता इथे खेरडीत माझ्याकडे आहे. चाळीत कोणाकडे लागली तर घेऊन जातो, आणि विचारलं तर हजारच सांगतो.