‘पाखंडी’ : एका निंदाव्यंजक शब्दाचा अर्थप्रवास

मूलच्या उत्तरेस, नागभीड तालुक्यातील देवटेक येथे एकाच शिळेवर कोरलेले दोन लेख सापडले. त्यांपैकी एक वाकाटककालीन आहे. दुसरा, प्राण्यांच्या हत्येस मनाई करणारा जुना लेख अशोकाच्या धर्ममहामात्राचा असावा, असे वा. वि. मिराशी यांनी प्रतिपादिले. सर्व ‘पासंडां’मध्ये राहून त्यांचे हित पाहणे हे या अधिकाऱ्यांचे कर्तव्य अशोकाच्या ५ व्या शिलालेखात नमूद आहे. नास्तिक, वेदनिंदक किंवा ढोंगी माणसास उद्देशून आज योजला जाणारा ‘पाखंडी’ हा शब्द याच कुळातला होय.

अशोकाच्या भाषेत ‘पासंड’ म्हणजे धर्मपंथ. मग तो आपला असो वा परक्याचा. १२ व्या लेखात तर परपंथाची निंदा करणारा स्वपंथाचीच हानी करतो, असा विचार मांडला आहे.

‘पा’ म्हणजे वेदधर्म व त्याचे खंडन करणारा तो पाखंडी, ही परंपरागत व्युत्पत्ती उघडच मागाहून रचलेली आहे. मूळ शब्दात ‘खंड’ नाहीच. संस्कृत ‘पाषंड’मधील ‘ष’चा उच्चार ‘ख’ असा होऊन ‘पाखंड’ रूप सिद्ध झाले. ‘भाषा’पासून ‘भाक’ हा शब्दही ‘भाख’ या रूपातूनच आला. ‘परिषद्’, ‘पार्षद’ या शब्दांशी ‘पासंडा’चा संबंध काही अभ्यासकांनी जोडला आहे. तो ग्राह्य धरल्यास मूळ अर्थ ‘एका मंडळातील लोक’ एवढाच उरतो.

अर्थापकर्ष झाला तो शब्दाच्या घटकांमुळे नव्हे, तर तो वापरणाऱ्याची भूमिका बदलल्यामुळे. सर्व पासंडांनी सर्वत्र वास करावा, अशी इच्छा अशोकाने ७ व्या लेखात व्यक्त केली. मनुस्मृतीच्या ९ व्या अध्यायात मात्र पाषंडस्थांना नगराबाहेर घालवण्याची आज्ञा आहे. पहिल्या ठिकाणी ‘आपण’ही पासंडात मोडतो, दुसऱ्या ठिकाणी पाषंड म्हणजे फक्त ‘ते’.

अशोकाच्या बिरुदाचीही हीच गत झाली. पतंजलीच्या महाभाष्यात आदरार्थी असलेला ‘देवानांप्रिय’ हा शब्द १७ व्या शतकातील भट्टोजी दीक्षितांच्या सिद्धान्तकौमुदीत ‘मूर्ख’ या अर्थाने नोंदला गेला.

म्हणून प्राचीन वाङ्मयात ‘पाखंड’ शब्द आढळताच ‘ढोंग’ असा अर्थ लावणे धोक्याचे आहे. हा शब्द कोणी, कोणास उद्देशून वापरला, हे आधी पाहावे लागते. एरवी एका पक्षाने दिलेली शिवीच दुसऱ्या पक्षाचे वर्णन म्हणून स्वीकारली जाते.